स्टुडिओबाहेरची पाच वर्षं

१९४८च्या मे महिन्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने पॅरामाउंट आणि इतर बड्या चित्रपट कंपन्यांच्या विरोधात निकाल दिला. आरोप मक्तेदारीचा होता. चित्रपट काढायचे या कंपन्यांनी, वितरणही करायचं यांनीच, आणि मोठ्या शहरांतली मोक्याची थिएटरंही यांच्याच मालकीची. ऊस आपला, साखर कारखाना आपला आणि नाक्यावरचं वाण्याचं दुकानही आपलंच, असा तो कारभार होता. निकालामुळे या कंपन्यांना हळूहळू थिएटरांवरची मालकी सोडावी लागली. हॉलिवुडच्या चाकोरीबाहेर राहून चित्रपट काढू पाहणाऱ्यांना वाटलं, आता आपले दिवस आले.

याच दिवसांत ज्यांनी स्वतःच्या कंपन्या काढल्या, त्यांत तिशीतली एक नटी होती. नाव आयडा लुपिनो. १९४९ ते १९५३ या पाच वर्षांत तिने सहा चित्रपट दिग्दर्शित केले, आणि त्या काळात हॉलिवुडमध्ये दिग्दर्शकाच्या खुर्चीवर बसणारी ती एकटीच बाई होती. तिच्या आधीची डोरोथी आर्झनर १९४३ नंतर चित्रपटांपासून दूर झाली होती. अर्थात बाईने चित्रपट दिग्दर्शित करण्यात अमेरिकेची काही मिजास नाही. आपल्या मुंबईत फातमा बेगमने स्वतःची कंपनी काढून १९२६ मध्येच ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला होता. तो चित्रपट आज पाहायला मिळत नाही. लुपिनोचे सहाही मिळतात, म्हणून तिचा हिशेब नीट मांडता येतो.

आयडाचा जन्म ४ फेब्रुवारी १९१८चा, लंडनचा. लुपिनो घराणं मूळचं इटलीचं, आणि पिढ्यान्‌पिढ्या रंगमंचावर पोट भरणारं. वडील स्टॅन्ली लुपिनो हे संगीतिका आणि प्रहसनांतले नावाजलेले विनोदी नट, आई कॉनी एमराल्ड हीसुद्धा नटी. अशा घरातली मुलगी नाटकात जाणार की नाही, हा प्रश्न कुणाला पडलाच नाही. १९३२ मध्ये ‘हर फर्स्ट अफेअर’ या चित्रपटात तिला काम मिळालं. त्याची एक गोष्ट सांगतात, की त्या भूमिकेसाठी मुळात आई चाचणी द्यायला गेली होती. दिग्दर्शक अॅलन ड्वानची नजर पडली ती सोबत आलेल्या चौदा वर्षांच्या मुलीवर. पुढच्याच वर्षी पॅरामाउंटने तिला हॉलिवुडला नेलं. केस सोनेरी रंगवले, भुवया कोरल्या, आणि इंग्लंडची जीन हार्लो म्हणून तिला विकायला काढलं.

१९३४ मध्ये तिला पोलिओ झाला. लॉस एंजेलिसमध्ये त्या वर्षी साथ होती. ती बरी झाली, पण आपलं पुढचं आयुष्य नुसत्या शरीराच्या भरवशावर काढता येणार नाही, हे त्या अंथरुणात लक्षात आलं, असं ती नंतर मुलाखतींत सांगत असे. पुढची चार-पाच वर्षं मात्र बिनमहत्त्वाच्या भूमिकांतच गेली. त्यांच्यावर शाई खर्च करण्यात अर्थ नाही.

कलाटणी मिळाली १९३९ मध्ये. मुंबईत जन्मलेल्या रुडयार्ड किपलिंगच्या ‘द लाइट दॅट फेल्ड’ या कादंबरीवर विल्यम वेलमन चित्रपट काढत होता. त्यातल्या बेसीची भूमिका आपलीच, म्हणून आयडा थेट त्याच्या कचेरीत घुसली आणि तिने आपली चाचणी घ्यायला लावली. बेसी म्हणजे लंडनच्या रस्त्यावरची मुलगी. दृष्टी जात चाललेला चित्रकार तिला समोर बसवून आपलं शेवटचं मोठं चित्र पुरं करतो आणि ती सूडापोटी त्याची नासधूस करते. या भूमिकेनंतर वॉर्नर ब्रदर्सने तिला करारात बांधलं. ‘दे ड्राइव्ह बाय नाइट’मध्ये (१९४०) भर न्यायालयात भान हरपत जाणारी खुनी बाई तिने अशी उभी केली, की त्या चित्रपटात हम्फ्री बोगार्टही आहे हे लोक विसरतात. पुढच्या वर्षीच्या ‘हाय सिएरा’च्या श्रेयनामावलीत तिचं नाव बोगार्टच्या आधी येतं. ‘द हार्ड वे’साठी (१९४३) न्यूयॉर्कच्या समीक्षकांनी तिला वर्षातली सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरवलं.

बाहेरून पाहिलं तर सगळं झकास होतं. पण वॉर्नरकडे पहिली मानकरी बेटी डेव्हिस. चांगल्या भूमिका आधी डेव्हिसच्या पुढ्यात जात, आणि तिने नाकारलेलं बरंच काही लुपिनोच्या वाट्याला येई. आपण म्हणजे गरिबांची बेटी डेव्हिस, असं आयडा स्वतःच हसत म्हणायची. भूमिका पसंत नसली तर तीही नकार देई. आपल्याकडे प्रभात किंवा बॉम्बे टॉकीजमध्ये नट जसे पगारी नोकर होते, तसंच तिथेही होतं. फरक असा, की हॉलिवुडचे करार सहसा सात वर्षांचे असत. नकार दिला की नटाला निलंबित करायचं, त्या काळाचा पगार कापायचा, आणि तेवढे दिवस बहुधा करारातही वाढवायचे. लुपिनो अशी अनेकदा निलंबित झाली. घरी बसून रडण्यापेक्षा ती स्टुडिओत हिंडत राहिली. कॅमेरा कुठे ठेवतात, प्रकाश कसा पाडतात, संकलनाच्या खोलीत कापलेल्या तुकड्यांचा प्रसंग कसा होतो, हे सगळं तिने याच बिनपगारी दिवसांत पाहून घेतलं. स्टुडिओने तिला शिक्षा केली आणि तिने ती शिष्यवृत्तीसारखी वापरली.

१९४७ मध्ये वॉर्नरचा करार संपला. नव्या कराराचा विषय निघाला तेव्हा तिने नको म्हटलं. पुढच्या वर्षी ती अमेरिकेची नागरिक झाली आणि कोलंबिया पिक्चर्समध्ये काम करणाऱ्या कॉलियर यंगशी तिने लग्न केलं. याच सुमाराला एका मेजवानीत तिची रोबेर्तो रोसेलिनीशी गाठ पडली. युद्धाने मोडलेल्या इटलीत रस्त्यावर उतरून, नट नसलेल्या माणसांना घेऊन चित्रपट काढणारा हा दिग्दर्शक. तुम्ही अमेरिकन लोक साध्या माणसांच्या साध्या आयुष्यावर चित्रपट कधी काढणार, असं त्याने तिला विचारल्याचं सांगितलं जातं. ही भेट किती निर्णायक होती, हे ठरवणं अवघड आहे. अशा आठवणींना मागाहून धार चढते. पण तिने पुढे जे केलं ते या प्रश्नाचं उत्तर शोभावं असंच होतं.

तिने, यंगने आणि अॅन्सन बाँड या निर्मात्याने मिळून एमराल्ड प्रॉडक्शन्स ही कंपनी चालवली. नाव आयडाच्या आईच्या रंगमंचीय आडनावावरून. पहिला चित्रपट ‘नॉट वाँटेड’ (१९४९). विषय कुमारी मातेचा. त्या काळी अमेरिकन चित्रपटांवर प्रॉडक्शन कोडचा अंमल होता. जोसेफ ब्रीन याच्या कचेरीतून पटकथा मंजूर झाल्याशिवाय चित्रपटाला थिएटर मिळणं जवळजवळ अशक्य. या मंडळींचा मुख्य आग्रह एकच, पाप दाखवलंत तर शिक्षाही दाखवा. आयडा त्यांच्याशी वाद घालत, काही सोडत, काही राखत पटकथा पुढे रेटत राहिली. भांडायचं, पण दार आपटून निघून यायचं नाही, ही तिची पद्धत पुढेही कायम राहिली.

दिग्दर्शनासाठी एल्मर क्लिफ्टन या जुन्या, मूकपटांच्या काळापासूनच्या माणसाला घेतलं होतं. चित्रीकरण सुरू होऊन दोन-तीन दिवस होतात न होतात, तोच त्याला हृदयविकाराचा झटका आला. नवा दिग्दर्शक आणायला पैसे नव्हते. सबंध चित्रपटाचा खर्च दीड लाख डॉलरच्या आसपास धरलेला. मोठे स्टुडिओ एवढ्या पैशांत एखादा सेट उभारत. तेव्हा आयडा खुर्चीत बसली. पडद्यावर मात्र दिग्दर्शक म्हणून नाव क्लिफ्टनचंच गेलं. तो त्याच वर्षी वारला. तिने नावासाठी हट्ट धरला नाही, याचं मोठेपण पुष्कळांनी गायलं आहे. मला त्यात सौजन्याबरोबर थोडं शहाणपणही दिसतं. अनुभव मिळाला होता, आणि चित्रपट पडला असता तर तिच्या नावावर पडला नसता.

तो पडला नाही. सॅली नावाची एक मुलगी पियानो वाजवणाऱ्या एका फिरस्त्याच्या मागे घर सोडते. तो तिला टाकून निघून जातो. पेट्रोल पंप चालवणारा, युद्धात पाय गमावलेला एक साधा तरुण तिला जीव लावतो, पण पोटात मूल आहे हे कळल्यावर ती त्याच्यापासूनही पळते. कुमारी मातांच्या आश्रमात बाळंत होते, मूल दत्तक देते, आणि मग रस्त्यावरच्या बाबागाडीतलं कुणाचं तरी मूल उचलून चालू लागते. सॅली फॉरेस्ट ही तेव्हा जवळजवळ अनोळखी नटी. तिच्या चेहऱ्यावर लुपिनोचा कॅमेरा असा खिळून राहतो, की गुन्हा, पाप, समाज हे शब्द आपोआप मागे पडतात. चित्रपटाने खर्चाच्या मानाने चांगली कमाई केली, आणि त्याबद्दल बोलायला एलेनॉर रूझवेल्ट यांनी आयडाला आपल्या रेडिओ कार्यक्रमात बोलावलं.

बाँडशी लवकरच फारकत झाली. यंग आणि पटकथाकार माल्विन वाल्ड यांच्याबरोबर तिने ‘द फिल्ममेकर्स’ ही नवी कंपनी सुरू केली. ‘नेव्हर फिअर’ हा तिचा दिग्दर्शक म्हणून नाव लागलेला पहिला चित्रपट. लग्न ठरलेल्या एका तरुण नर्तिकेला पोलिओ होतो, ही त्याची कथा. आयडाने स्वतः भोगलेला आजार. चित्रीकरण सांता मोनिकाच्या खऱ्या पुनर्वसन केंद्रात झालं, खऱ्या रुग्णांसह. चाकांच्या खुर्च्यांवर बसून स्त्री-पुरुष जोडीजोडीने नाचतात, हा त्यातला प्रसंग आजही डोळे विस्फारायला लावतो. त्यात ना दया आहे, ना शौर्याचे ढोल. माणसं नाचतायत, इतकंच. पण पोलिओच्या साथीची धास्ती घेतलेलं पब्लिक पैसे देऊन पोलिओ पाहायला आलं नाही. चित्रपट आपटला.

या वळणावर हॉवर्ड ह्यूज येतो. विमानांचा कारखानदार, अब्जाधीश, विक्षिप्त, आणि नुकताच आरकेओ स्टुडिओचा मालक झालेला. त्याने फिल्ममेकर्सशी तीन चित्रपटांचा करार केला. पैसे आणि वितरण आरकेओचं, चित्रपट यांचा. शीर्षक आणि जाहिरात यांवर शेवटचा शब्द मात्र त्याचा. स्वतंत्र म्हणवणारी कंपनी पुन्हा एका स्टुडिओच्या दारात उभी राहिली. १९४८च्या निकालाने थिएटरांची कुलुपं निघाली असली, तरी देशभरातल्या थिएटरांपर्यंत चित्रपट पोचवणारी यंत्रणा अजून त्याच मोजक्या घरांत होती. मराठी चित्रपट काढणाऱ्यांना हे नव्याने समजावायला नको. कर्ज काढून चित्रपट पुरा होतो, आणि मल्टिप्लेक्सवाला सकाळी नऊचा खेळ देतो.

ह्यूजच्या पैशांतून आधी आला ‘आउटरेज’ (१९५०). विषय बलात्काराचा, कोडमुळे तो शब्द उच्चारायलाही बंदी, त्यामुळे पात्रं आडवळणाने बोलतात. पण हा अडसर लुपिनोने जमेची बाजू म्हणून वापरला. रात्री कामावरून घरी निघालेली अॅन, गोदामांच्या आणि उभ्या ट्रकांच्या मधून तिचा पाठलाग करणारा माणूस, आणि अडकून बोंबलत राहिलेला ट्रकचा भोंगा. कॅमेरा वर चढतो. वरच्या मजल्यावर कुणी तरी खिडकीशी येतं आणि आवाजाचा त्रास नको म्हणून ती लावून घेतं. गुन्हा दाखवता येत नव्हता, तेव्हा तिने शेजार दाखवला.

त्याहून भेदक आहे नंतरचा भाग. अॅन पुन्हा ऑफिसात जायला लागते. लोक वाईट वागत नाहीत. ते फक्त जरा जास्त जपून वागतात, कुजबुजतात, बघतात. कागदांवर कुणी शिक्का मारत राहतो आणि तो ठकठक आवाज तिच्या डोक्यात घुसत जातो. शेवटी ती शहर सोडून पळते. चित्रपटाचा उत्तरार्ध मात्र ढिला आहे. संत्र्याच्या बागा, समजूतदार पाद्री, न्यायाधीशापुढचं लांबलचक भाषण. पाद्रीबुवा बोलू लागले, की लुपिनो ब्रीनच्या कचेरीशी तडजोड करतेय हे ऐकू येतं. तरी पहिली वीस मिनिटं १९५० च्या अमेरिकन चित्रपटात कुठून आली, याचं आश्चर्य ओसरत नाही. बलात्काराला बळी पडलेल्या मुलीच्या कानांनी आणि डोळ्यांनी गाव पाहण्याचं काम तिथे तेव्हा दुसरं कुणी करत नव्हतं.

‘हार्ड, फास्ट अँड ब्यूटिफुल’ (१९५१) टेनिसचा आहे. मुलीच्या खेळावर स्वतःच्या अपुऱ्या हौशी भागवणारी आई क्लेअर ट्रेव्हरने केली आहे. कथा बेतीव आहे, पण रिकाम्या प्रेक्षागारात एकटीच उरलेली आई हा शेवट लक्षात राहतो. त्याच वर्षी यंगशी तिचा घटस्फोट झाला आणि तिने नट हॉवर्ड डफशी लग्न केलं. पुढच्या वर्षी मुलगी झाली. यंगबरोबरची भागीदारी मात्र तशीच चालू राहिली. नवरा-बायको म्हणून जे जमलं नाही ते धंद्यात जमत होतं.

या काळात ती सेटवर कशी वागायची, हे तिने अनेकदा सांगितलंय. युनिटमध्ये जवळजवळ सगळे पुरुष. त्यांना हुकूम सोडायचे नाहीत, असं तिने ठरवलं होतं. मला एक अडचण आहे, तुम्हाला काही सुचतं का, अशा सुरात ती कॅमेरामनशी बोले. सगळे तिला मदर म्हणत आणि तीही स्वतःला तेच म्हणवून घेई. खुर्चीच्या पाठीवरही तिने ‘आपल्या सगळ्यांची आई’ अशा अर्थाचे शब्द लिहून घेतले होते. या मऊपणाच्या आड तयारी मात्र कडक. सुट्टीच्या दिवशी रिकाम्या जागेवर जाऊन कॅमेऱ्याच्या जागा ती आधी ठरवून ठेवी, म्हणजे कामाच्या दिवशी वेळ आणि फिल्म वाया जाऊ नये. पैसे वाचवण्यासाठी खऱ्या रस्त्यांवर, खऱ्या इमारतींत चित्रीकरण करायचं, नवे चेहरे घ्यायचे, कंपन्यांची उत्पादनं पडद्यावर दाखवून त्यांच्याकडून मदत मिळवायची. आज ज्याला आपण इंडी सिनेमाचं तंत्र म्हणतो, ते सगळं तिच्याकडे पोटाच्या गरजेपोटी आलं होतं.

तिचा सगळ्यात घट्ट चित्रपट ‘द हिच-हायकर’ (१९५३), आणि त्यात बाईला भूमिका अशी नाहीच. बिली कुक नावाच्या तरुणाने १९५०-५१च्या हिवाळ्यात रस्त्यावर गाड्या थांबवून सहा जणांचे खून केले होते, आणि नंतर शिकारीला निघालेल्या दोघा मित्रांना ओलीस धरून तो मेक्सिकोत शिरला होता. लुपिनो त्याला भेटायला सॅन क्वेंटिनच्या तुरुंगात गेली आणि तिने त्याची संमती मिळवली. कोडची पुन्हा आडकाठी आली, की कुप्रसिद्ध गुन्हेगाराची खरी कहाणी पडद्यावर नको. मग नावं बदलली, बळींची संख्या कमी केली, शिकारीचे मासेमारीला निघालेले दोघे मित्र केले. डिसेंबर १९५२ मध्ये कुकला विषारी वायूने देहदंड देण्यात आला. चित्रपट त्यानंतर काही महिन्यांत लागला.

गाडी, वाळवंट आणि तीन माणसं, यापलीकडे चित्रपटात फारसं काही नाही. चित्रीकरण कॅलिफोर्नियातल्या लोन पाइनजवळच्या खडकाळ माळावर झालं, आणि निकोलस मुसुराकाच्या कॅमेऱ्याने भर उन्हातही कोंडवाडा उभा केला. खुनी मायर्सची एक पापणी लुळी आहे, ती मिटतच नाही. रात्री तो झोपलाय की आपल्याकडे पाहतोय, हे ओलिसांना कळत नाही. विल्यम टॅल्मनने हा माणूस असा केलाय, की पाहणाऱ्यालाही आपली मान वळवायची भीती वाटावी. मेक्सिकोतली माणसं स्पॅनिश बोलतात आणि त्यांच्या संवादांना भाषांतराच्या पाट्या नाहीत. त्यामुळे मदत हाताच्या अंतरावर असूनही मायर्सप्रमाणेच आपणही चाचपडतो. पण लुपिनोची खरी करामत त्या दोन मित्रांत आहे. एडमंड ओब्रायन आणि फ्रँक लव्हजॉय यांच्या चेहऱ्यांवर पुरुषीपणाचा मुलामा हळूहळू उतरतो. दोघं मिळून मायर्सवर झडप घालू शकत नाहीत, कारण दोघंही मित्राला एकटं सोडून पळायला तयार नाहीत. मायर्स त्यांच्या या एकमेकांवरच्या मायेलाच हसतो. तेव्हाच्या गुन्हेपटांत बाई हे संकट असे. इथे बंदूक हातात असलेला पुरुष हेच संकट आहे, आणि बाकीचे दोन पुरुष त्याच्यापुढे घाबरायला लाजत नाहीत. १९९८ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहात या चित्रपटाची निवड झाली.

१९५३च्याच अखेरीला आलेल्या ‘द बिगॅमिस्ट’ची जुळणी एखाद्या फार्ससारखी होती. पटकथा आणि निर्मिती कॉलियर यंगची, म्हणजे आयडाच्या माजी नवऱ्याची. चित्रपटातली पहिली बायको जोन फाँटेन, जी आता यंगची खरी बायको. दुसरी बायको आयडा स्वतः, आणि दिग्दर्शनही तिचंच. विषय दोन संसार करणाऱ्या माणसाचा! सेटवर हास्यविनोदाला तोटा नसणार. पडद्यावर मात्र एक थकलेला, एकाकी फिरता विक्रेता आहे. एका शहरात कर्तबगार बायको, तिच्यापाशी धंद्याच्या गोष्टी आहेत पण वेळ नाही. दुसऱ्या शहरात चिनी हॉटेलात काम करणारी बाई, ती त्याच्याकडून काहीच मागत नाही. चित्रपटात खलनायक नाही. न्यायाधीशही शिक्षा सुनावण्याआधी बुचकळ्यात पडतो, आणि शिक्षा काय झाली हे आपल्याला कळत नाही. शेवटी दोघी बायका न्यायालयात एकमेकींकडे पाहतात, त्या नजरेत द्वेष नाही. अमेरिकन कुटुंबाचे गोडवे गाणाऱ्या त्या दशकात असा चित्रपट निघाला, ही साधी गोष्ट नव्हती.

आणि इथेच कंपनी बुडाली. यंगच्या मनाने घेतलं, की आरकेओला वाटा कशाला द्यायचा, वितरण आपणच करू. लुपिनोचा याला विरोध होता. आपल्याला चित्रपट काढता येतात, विकता येत नाहीत, हे तिला पक्कं ठाऊक होतं. तिचं चाललं नाही. ‘द बिगॅमिस्ट’ पुरेशा थिएटरांपर्यंत पोचला नाही. त्यानंतर डॉन सीगलने दिग्दर्शित केलेला ‘प्रायव्हेट हेल ३६’ (१९५४) आणि आणखी एखादा चित्रपट निघाला, पण १९५५च्या सुमारास फिल्ममेकर्स संपली. माझ्या मते तिच्या कारकिर्दीचा सगळा उलगडा या एका चुकीच्या निर्णयात आहे. तिला पुरुषी व्यवस्थेने हरवलं, असं लिहिण्याचा मोह होतो आणि ते पुष्कळांनी लिहिलंही आहे. व्यवस्था पुरुषी होतीच. डायरेक्टर्स गिल्डच्या सभेत सभासदांना ‘सद्‌गृहस्थहो आणि मिस लुपिनो’ असं संबोधत, एवढ्यावरून ते दिसतं. पण कंपनी कोसळली ती पेटीत पैसे येण्याचा रस्ता बंद झाला म्हणून.

पुढे टेलिव्हिजनने तिला सांभाळलं. ‘फोर स्टार प्लेहाउस’मध्ये अभिनय, नवऱ्याबरोबर ‘मिस्टर अॅडम्स अँड ईव्ह’ ही विनोदी मालिका, आणि मग दिग्दर्शन. ‘हॅव गन, विल ट्रॅव्हल’सारख्या काउबॉय मालिका, ‘द अनटचेबल्स’, ‘थ्रिलर’, ‘द फ्युजिटिव्ह’. बंदुका, घोडे, खून असलेले भाग तिच्याकडे यायचे. घरगुती जिव्हाळ्याच्या गोष्टी बाईला द्याव्यात हा ठोकताळा तिच्या बाबतीत उलटा पडला होता, याची तिलाही गंमत वाटे. ‘द ट्वायलाइट झोन’च्या मूळ मालिकेत एका भागात तिने भूमिका केली आणि १९६४ मधला ‘द मास्क्स’ हा भाग दिग्दर्शित केला. त्या मालिकेत दिग्दर्शन करणारी ती एकमेव बाई. मरणाला टेकलेला श्रीमंत म्हातारा आपल्या लोभी नातेवाइकांना मध्यरात्रीपर्यंत विद्रूप मुखवटे घालून बसायला लावतो. अर्ध्या तासाचा ऐवज, पण चार भिंती आणि मुखवटे एवढ्यावर तिने काय केलंय ते पाहावं.

मोठ्या पडद्यावर तिला पुन्हा संधी मिळाली ती तेरा वर्षांनी. ‘द ट्रबल विथ एंजल्स’ (१९६६) हा कॉन्व्हेंट शाळेतल्या खोडकर मुलींचा, हेली मिल्स आणि रोझालिंड रसेल यांचा चित्रपट. तो चांगला चालला, इतका की कोलंबियाने त्याचा पुढचा भाग काढला. त्याचं दिग्दर्शन दिलं जेम्स नीलसन या पुरुषाला. लुपिनोने नंतर चित्रपट दिग्दर्शित केला नाही. सॅम पेकिनपाच्या ‘ज्युनियर बोनर’मध्ये (१९७२) स्टीव्ह मॅक्वीनच्या आईची भूमिका तिने ज्या समजुतीने केली ती पाहण्यासारखी आहे. नंतरची काही भयपटांतली कामं तिच्या नावावर नसती तरी चाललं असतं.

सत्तरच्या दशकात स्त्रीवादी अभ्यासकांनी तिला नव्याने शोधलं, आणि त्यांची पंचाईत झाली. मॉली हॅस्केल यांना १९७४ मध्ये तिचे चित्रपट रूढ चाकोरीतलेच वाटले. लुपिनोच्या नायिका बंड करत नाहीत. त्या गोंधळतात, पळतात, शेवटी कुणी तरी समजूतदार पुरुष त्यांना घरी आणतो. शिवाय मुलाखतींत ती बायकांनी पुरुषांवर अधिकार गाजवू नये असंही म्हणायची. मला वाटतं, हॅस्केल यांनी शेवटांकडे जास्त पाहिलं. कोडच्या राज्यात शेवट कुणाच्याच हातात नव्हता. चित्रपटाच्या मधल्या तासात लुपिनोची माणसं ज्या धक्क्यात वावरतात तो तिचा स्वतःचा आहे: घडू नये ते घडून गेलंय, आणि दुसऱ्या दिवशी उठून त्याच रस्त्याने कामावर जायचंय. मार्टिन स्कोर्सेसीने तिच्या मृत्यूनंतर लिहिलेल्या लेखात तिच्या या दुखावलेल्या माणसांचीच बाजू उचलून धरली. आयडा लुपिनो ३ ऑगस्ट १९९५ रोजी लॉस एंजेलिसमध्ये वारली, सत्त्याहत्तराव्या वर्षी.

‘द हिच-हायकर’ आणि ‘द बिगॅमिस्ट’ यांचे हक्क अमेरिकेत केव्हाच संपले आहेत, त्यामुळे दोन्ही इंटरनेटवर फुकट मिळतात. पहिला तर जेमतेम ७१ मिनिटांचा आहे. पण सुरुवात शोधाशोध करून ‘आउटरेज’ने करा, आणि पाद्रीबुवांचं भाषण सुरू झालं की खुशाल पुढे ढकला.